कापलेल्या फिल्मचा इतिहास : संकलक रेणू सलुजा

‘जाने भी दो यारो’ या चित्रपटात अनुपम खेर यांनी काम केलं होतं, हे सांगितलं तर बहुतेकांना खरं वाटत नाही. हा चित्रपट ज्यांना तोंडपाठ आहे असे माझे दोन मित्र आहेत. त्यांनी माझ्याशी पैज लावली आणि ते हरले. खेर यांनी त्यात ‘डिस्को किलर’ नावाच्या भाडोत्री मारेकऱ्याची भूमिका केली होती. तिचं चित्रीकरणही झालं होतं. पण १९८३ साली चित्रपट लागला तेव्हा त्यात डिस्को किलर कुठेच नव्हता, एका फ्रेमपुरताही नाही. खेर यांना लोक ओळखायला लागले ते पुढच्या वर्षी, ‘सारांश’मुळे.

ही हकीकत नेहमी गंमत म्हणून सांगितली जाते. मला मात्र ती वाचताना पहिल्यांदा प्रश्न पडला तो असा, की एका नटाचं संपूर्ण काम बाजूला काढून ठेवायचं, आणि तरीही चित्रपटात कुठे भोक पडलेलं दिसू द्यायचं नाही, हे काम नेमकं कुणी केलं? कुंदन शाह यांचं नाव सगळ्यांना ठाऊक असतं. चित्रपटातल्या दोन भाबड्या छायाचित्रकारांची नावं विनोद चोप्रा आणि सुधीर मिश्रा, म्हणजे याच चित्रपटाच्या चमूतल्या दोघांची, हेही चाहते कौतुकाने सांगतात. ज्या टेबलावर हा चित्रपट कापला आणि जोडला गेला, त्या टेबलापाशी बसलेल्या बाईंचं नाव फार थोड्यांना सांगता येतं. त्या रेणू सलुजा.

काही वर्षांपूर्वी मी समांतर चित्रपटांवर काही लिहावं म्हणून एक वही घातली होती. पद्धत जुनीच, दिग्दर्शकवार. एका पानावर निहलानी, एका पानावर सईद मिर्झा, पुढे कुंदन शाह, केतन मेहता, सुधीर मिश्रा, विजया मेहता. प्रत्येक चित्रपटापुढे पटकथा, छायालेखन, संगीत, संकलन असे रकाने. पानं भरत गेली तसं लक्षात आलं, की बाकीच्या रकान्यांतली नावं बदलतात, शेवटच्या रकान्यातलं नाव पुन्हा पुन्हा तेच येतं. ‘अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है’, ‘अर्धसत्य’, ‘जाने भी दो यारो’, ‘मोहन जोशी हाजिर हो’, ‘पार्टी’, ‘पेस्तनजी’, ‘मैं जिंदा हूँ’. वही आडवी वाचली तर दिग्दर्शकांचा इतिहास, उभी वाचली तर एका बाईचा. मग समांतर चित्रपटाचा इतिहास आपण नेहमी आडवाच का वाचतो?

याचं एक साधं उत्तर असं, की उभा वाचायला कागदच नाहीत. पटकथेचं बाड कुणीतरी जपून ठेवतं. पोशाखांची चित्रं, जाहिरातीचे फोटो, गाण्यांच्या पुस्तिका लॉ कॉलेज रोडवरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात पाहायला मिळतात. संकलकाच्या कामाचा पुरावा म्हणजे जे चित्रपटात नाही ते, आणि ते कुणी जपत नाही. टाकलेली फिल्म काही दिवस खोक्यात पडून असते, मग जागा अडते म्हणून जाते. त्यामुळे संकलकाबद्दल लिहिणाऱ्याची अवस्था, गिळून टाकलेल्या शब्दांवरून माणसाचं चरित्र लिहायला बसल्यासारखी होते. मला जे हाती लागलं ते मुख्यत्वे चित्रपटांतूनच, एक दुसऱ्याशेजारी ठेवून.

रेणू सलुजांचा जन्म ५ जुलै १९५२चा, एका पंजाबी कुटुंबातला. बहीण राधा सलुजा अभिनेत्री, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधूनच शिकून गेलेली. रेणूंनाही तिथे यायचं होतं, पण दिग्दर्शन शिकायला. दिग्दर्शनाला प्रवेश मिळाला नाही, संकलनाला मिळाला. १९७६ साली त्या शिकून बाहेर पडल्या. त्या शिकत होत्या त्याच काळात, १९७४ साली, संस्थेत दूरचित्रवाणीचा विभाग पुण्यात आला आणि ‘फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट’ हे नाव सार्थ झालं.

ही जागा म्हणजे मूळचा प्रभात स्टुडिओ, हे मराठी वाचकाला सांगायला नको. याच आवारात प्रभातच्या संकलन खात्यात अनंत माने तयार झाले आणि पुढे ‘सांगत्ये ऐका’चे दिग्दर्शक झाले. बिमल रॉय यांच्याकडे ‘दो बिघा जमीन’ कापणारे हृषीकेश मुखर्जी असेच संकलनातून दिग्दर्शनात गेले. आपल्याकडे संकलन ही बऱ्याचदा दिग्दर्शनाकडे जाणारी पायरी मानली गेली. ज्याला शक्य होतं तो ती चढून पुढे गेला. दिग्दर्शन शिकायला निघालेल्या रेणू सलुजा मात्र त्याच टेबलापाशी राहिल्या, शेवटपर्यंत, सुमारे चोवीस वर्षं. नाइलाज म्हणून राहिलेल्या माणसाचं काम असं दिसत नाही, एवढंच मी म्हणेन.

ते टेबल कसं होतं हे आजच्या वाचकासाठी जरा सविस्तर सांगायला हवं. आता लॅपटॉपवर एक दृश्य उचलून दुसरीकडे टाकलं, नाही आवडलं तर एक कळ दाबून परत आणलं, असं चालतं. तेव्हा चित्रपट ही हातात धरायची वस्तू होती. पस्तीस मिलिमीटर रुंदीची पट्टी, एका फुटात सोळा फ्रेम, सेकंदाला चोवीस. म्हणजे मिनिटाला नव्वद फूट, आणि सव्वादोन तासांचा चित्रपट म्हणजे बारा हजार फुटांहून जास्त. निगेटिव्हवरून काढलेली कामाची प्रिंट एका चाकावर, त्याच रुंदीच्या चुंबकीय पट्टीवर उतरवलेला आवाज दुसऱ्या चाकावर. क्लॅपची फळी मिटलेली दिसते ती फ्रेम आणि तिचा ‘टक’ आवाज जुळवून घ्यायचा, म्हणजे ओठ आणि शब्द बरोबर येतात. सुरुवातीला मुव्हिओला नावाचं उभं, खडखडणारं यंत्र. मग स्टीनबेक, हे जर्मन आडवं टेबल, ज्यावर फिल्म पुढेमागे पळवता येते. हवी ती फ्रेम सापडली की मेणाच्या पेन्सिलीने खूण, मग पातं, मग पारदर्शक चिकटपट्टी.

आणि कापलेले तुकडे? ते एका कापडी पिशवी लावलेल्या पेटीवर, हुकांना टांगून ठेवायचे. प्रत्येकाला चिठ्ठी. उद्या दिग्दर्शक म्हणाला की तो दार उघडतो तिथे आठ फ्रेम परत हव्यात, तर सहायकाने पिशवीत हात घालून नेमका तोच तुकडा शोधून काढायचा. आठ फ्रेम म्हणजे सेकंदाचा तिसरा हिस्सा. एका निवृत्त संकलकाने मला एकदा त्यांच्या टेबलावर दोन तुकडे जोडून पाहायला दिले. माणूस दाराकडे जातो. दार पलीकडून उघडतं. एवढंच. माझ्या जोडीत तो माणूस दोनदा दार उघडत होता. दोन फ्रेम कापल्या तर दार आपोआप उघडल्यासारखं दिसायला लागलं. अर्धा तास गेला. त्या गृहस्थांनी चहा मागवला आणि काही बोलले नाहीत, हे त्यांचे उपकार.

अशा टेबलावर निर्णय महाग असतो. प्रत्येक बदल म्हणजे पुन्हा कापणं, पुन्हा चिकटवणं. म्हणून हात लावण्याआधी डोक्यात चित्रपट अनेकदा चालवून पाहावा लागतो. रेणू सलुजांची पिढी या शिस्तीत वाढली.

१९८३ हे वर्ष माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीची गुरुकिल्ली आहे. ‘जाने भी दो यारो’ आणि ‘अर्धसत्य’ हे दोन्ही त्याच वर्षी आले. दोन्ही त्यांनीच संकलित केलेले. दोन्ही मुंबईतल्या सडलेल्या व्यवस्थेबद्दल. ओम पुरी दोन्हींत आहेत, नसीरुद्दीन शाहही दोन्हींत. यापलीकडे त्यांच्यात काही साम्य नाही.

‘जाने भी दो यारो’ राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या पैशातून, सात लाखांच्या आत झाला. पहिली जोडणी कितीतरी लांब होती. डिस्को किलर गेला, बोलणारा गोरिला गेला, बरंच काही गेलं. विनोदी चित्रपट कापताना भीती असते ती हसण्याची जागा हुकण्याची. तुकडा थोडा लांबला की विनोद शिळा होतो, थोडा आखूड झाला की कळतच नाही. त्यातला टेलिफोनचा प्रसंग आठवून पाहा. नसीर आणि सतीश कौशिक एकाच खोलीत उभे राहून एकमेकांशी फोनवर बोलताहेत, तारा गुंतल्यात. गंमत आहे ती दोघं एका चौकटीत दिसतात यात. कुणी उत्साही संकलक एकदा याचा चेहरा, एकदा त्याचा चेहरा असं कापत बसला असता तर तो नुसता एक फोन झाला असता. न कापणं हासुद्धा संकलकाचाच निर्णय असतो, आणि तो सगळ्यात अदृश्य. उलट शेवटचा महाभारताचा गोंधळ. रंगमंचावर वस्त्रहरण चाललंय, साडीत गुंडाळलेलं डिमेलोचं प्रेत द्रौपदी झालंय, बिल्डर, पोलीस अधिकारी, आपल्या भक्ती बर्वेंनी रंगवलेली ती बेरकी संपादिका, सगळे मिळेल त्या वेशात मंचावर घुसलेत आणि आंधळा धृतराष्ट्र मधेमधे काय चाललंय ते विचारतो आहे. डझनभर माणसं, प्रत्येकाचा हेतू वेगळा. तरी कोण कुणाच्या मागे आहे हे प्रेक्षकाला एक क्षणही विचारावं लागत नाही. गोंधळ स्पष्ट दाखवणं ही सोपी गोष्ट नव्हे.

आता ‘अर्धसत्य’. श्री. दा. पानवलकरांची ‘सूर्य’ ही कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा, गोविंद निहलानींचं दिग्दर्शन. दिलीप चित्र्यांची कविता अनंत वेलणकर हॉटेलात बसून मोठ्याने वाचतो तो प्रसंग पाहा. तो हसत, जरा थट्टेतच सुरुवात करतो. पुढे पुढे आवाज उतरत जातो. चित्रपट त्याच्या चेहऱ्यावर रेंगाळतो, घाई करत नाही. त्या माणसाला स्वतःबद्दल काहीतरी कळतंय, ते त्याला कळेपर्यंत आपल्याला थांबावं लागतं. हाच ओम पुरी, हाच हात, हेच वर्ष. तिकडे दारूच्या नशेत बरळणारा आहुजा बिल्डर. एकीकडे त्याचा चेहरा जपला आहे, दुसरीकडे त्याला गर्दीत नाचवलं आहे. शेवटी वेलणकर रामा शेट्टीचा गळा आवळतो आणि पोलीस चौकीत येऊन सांगतो. त्यानंतर चित्रपट उगाच थांबून राहत नाही. लोक सदाशिव अमरापूरकरांचा थंडपणा आठवतात, तो आठवावाच. पण दिग्दर्शकाने मिळवलेल्या अनेक टेकमधून त्या थंडपणाचा प्रत्येक श्वास कुणीतरी निवडला होता.

‘रेणू सलुजांची शैली’ असं काही सांगता येत नाही, असं माझे एक प्राध्यापक मित्र म्हणतात. मला हे दोन चित्रपट शेजारी ठेवल्यावर वाटतं, की तेच त्यांचं वैशिष्ट्य. प्रत्येक चित्रपटाला स्वतःचा श्वास असतो असं मानून त्या बसत असाव्यात. शैली दिसली असती तर त्या जास्त प्रसिद्ध झाल्या असत्या आणि चित्रपट थोडे कमी चांगले झाले असते.

मराठी वाचकासाठी आणखी एक गोष्ट. या पंजाबी बाईंच्या टेबलावरून मराठी साहित्याचा केवढा ऐवज गेला! पानवलकर आणि तेंडुलकरांचं सांगितलंच. महेश एलकुंचवारांच्या नाटकावरचा निहलानींचा ‘पार्टी’ त्यांनीच कापला. एका बंगल्यातली एक रात्र, बोलणारी माणसं आणि तिथे नसलेला अमृत. नाटकात प्रेक्षक स्वतः ठरवतो कुणाकडे पाहायचं. चित्रपटात ते संकलक ठरवतो, आणि बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्याकडे कधी पाहायचं हे कळलं तरच असा चित्रपट उभा राहतो. पुढे केतन मेहतांच्या ‘सरदार’ची पटकथाही तेंडुलकरांचीच.

खाजगी आयुष्याबद्दल थोडक्यात. त्यांच्यावरच्या लेखांत त्यालाच जागा जास्त मिळते, म्हणून मला ती द्यायची नाही. विधू विनोद चोप्रांशी झालेला विवाह टिकला नाही. नंतरचे जोडीदार सुधीर मिश्रा. दोघांचेही चित्रपट त्या करत राहिल्या, आणि चोप्रांचा ‘परिंदा’ तर विभक्त झाल्यानंतरचा.

‘परिंदा’ (१९८९) हा त्यांचा बहुतेकांना ठाऊक असलेला चित्रपट. त्यात कबुतरखान्यातला खून आहे. गंमत म्हणजे मारला जाणारा प्रकाश म्हणजे अनुपम खेर. या खेपेला ते पडद्यावर तरी आले! या प्रसंगातले कट मोजावेत म्हणून मी कागद-पेन्सिल घेऊन बसलो. प्रत्येक कटला एक उभी रेघ. दोन मित्र भेटतात, गोळी सुटते, कबुतरं उडतात. थोड्या वेळाने पाहिलं तर पेन्सिल हातात तशीच आणि कागदावर मोजक्या चार रेघा. पुन्हा लावलं, पुन्हा तेच. तिसऱ्यांदा आवाज बंद करून पाहिलं तेव्हा कुठे रेघा नीट उमटल्या, आणि तेव्हाच कळलं की मला फसवत होता तो आवाज. फडफडणाऱ्या पंखांचा आवाज एका चित्रातून दुसऱ्यात सलग जातो, आणि डोळा मधला सांधा विसरतो. या चित्रपटासाठी रेणू सलुजांना संकलनाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. अण्णा रंगवणाऱ्या नाना पाटेकरांनाही मिळालं. नानांचं लक्षात राहिलं.

नंतर ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ मिळून राष्ट्रीय पारितोषिकं चार झाली. ‘१९४२ : अ लव्ह स्टोरी’साठी फिल्मफेअर मिळालं. म्हणजे समांतर आणि व्यावसायिक अशी जी भिंत आपण समीक्षेत बांधतो, तिच्यातून त्या आरपार ये-जा करत होत्या. ही भिंत व्यावसायिक बाजूनेही पाहता येते. गोव्याच्या पोंबुर्प्याहून मुंबईत आलेले वामन भोसले ‘दो रास्ते’पासून ‘कर्ज’पर्यंत शेकडो मैल फिल्म कापत होते, ‘इन्कार’साठी त्यांना राष्ट्रीय पारितोषिक मिळालं होतं. त्यांच्यावर मराठीत किती लिहिलं गेलं?

‘बँडिट क्वीन’ (१९९४)बद्दल थोडं थांबून लिहायला हवं, कारण तिथे दोन कात्र्या समोरासमोर आल्या. बेहमईतला सामूहिक बलात्काराचा प्रसंग पाहणाऱ्याच्या मनात राहतो तो दरवाजामुळे. दार उघडतं, कुणीतरी आत येतं, दार बंद होतं, पुन्हा उघडतं. अत्याचाराचं वजन त्या दाराच्या आवर्तनात आहे. किती वेळा उघडलं म्हणजे पुरे, आणि कितीव्या वेळेनंतर ते प्रेक्षकाला बधिर करील, हा हिशेब कुठल्याही पटकथेत लिहिता येत नाही. तो टेबलावरच होतो. या चित्रपटाचं प्रमाणपत्र दिल्ली उच्च न्यायालयाने रद्द केलं आणि १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा वैध ठरवलं. काय कापावं यावर वर्तमानपत्रांत रकानेच्या रकाने आले. काय आधीच विचारपूर्वक ठेवलं आणि काय वगळलं होतं, त्याविषयी कुणाला काही विचारावंसं वाटलं नाही.

स्त्री संकलक हा विषय निघाला की लोक लगेच म्हणतात, बायकांचा हात हलका, शिवणटिपण जमतं. हॉलीवूडमध्ये मूकपटांच्या काळात याच समजुतीने बायकांना फिल्म जोडायला बसवलं जाई. रशियात झिगा व्हर्टोव्हच्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ (१९२९)मध्ये एलिझावेटा स्विलोवा फिल्मच्या पट्ट्या लावताना चक्क पडद्यावर दिसते. संकलक स्वतः चित्रपटात दिसण्याचं हे विरळ उदाहरण. रेणू सलुजांच्या मागोमाग आपल्याकडे बीना पॉल आल्या, पुढच्या पिढीत नम्रता राव. शिवणटिपणाचा यात काही संबंध नाही.

त्यांची एक तक्रार म्हणून नव्हे, माझीच एक सांगतो. ‘जाने भी दो यारो’ थिएटरात फारसा चालला नाही. तो घराघरांत पोचला दूरदर्शनमुळे. समांतर चित्रपटांना दूरचित्रवाणीने दिलेलं हे दुसरं आयुष्य. पण अलीकडे एका वाहिनीवर हा चित्रपट लागला असता मी मुद्दाम श्रेयनामावलीसाठी बसलो. ती कापली होती. संकलकाचं नाव कापायला संकलकच लागला असणार, असं मनात येऊन हसू आलं आणि नंतर रागही.

नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धात संगणकावरचं संकलन आपल्याकडे स्थिरावलं. स्टीनबेक, मेणाची पेन्सिल, हुकांना टांगलेले तुकडे मागे पडले. २०००च्या सुरुवातीला कमल हासन यांचा ‘हे राम’ आला, त्याचंही संकलन रेणू सलुजांचं. १६ ऑगस्ट २००० रोजी कर्करोगाने त्या मुंबईत गेल्या. वय अठ्ठेचाळीस. फिल्म इन्स्टिट्यूटच्या माजी विद्यार्थ्यांच्या संस्थेने नंतर त्यांच्यावर एक पुस्तक काढलं. त्याचं नाव ‘इनव्हिजिबल’.

माझ्या वहीत चोप्रांच्या पानावर त्या वर्षाची नोंद आहे ती ‘मिशन कश्मीर’ची. ऑक्टोबर २०००. पटकथा, छायालेखन, संगीत असे रकाने भरत आलो आणि शेवटच्या रकान्यात सवयीने ‘रे’ लिहिलं. मग ते खोडून दुसरं नाव लिहिलं : राजकुमार हिरानी, नागपूर, पुण्याच्या इन्स्टिट्यूटमधूनच संकलन शिकलेले. तीन वर्षांनी ते दिग्दर्शक झाले. खोडलेलं ‘रे’ अजून त्या पानावर दिसतं.